कार्डावर हमाल

दारात आलेल्या गिऱ्हाइकाला आधी परत पाठवणारा दुकानदार मी जन्मात एकच पाहिला. ओमानमधल्या रुस्ताक गावात आमच्या कंपनीचं शेतीच्या सामानाचं दुकान होतं. बियाणं, खतं, फवारणीची औषधं, ठिबकचे पाइप, शेळ्यांचं खाद्य असा सगळा माल. काउंटरमागे दापोलीकडचे, पन्नाशी ओलांडलेले एक कोकणी मुसलमान गृहस्थ उभे असत. शेतकरी येऊन म्हणायचा, खजुरावर कीड आलीय, औषध द्या. हे विचारत, "पान कुठंय?" पान नसलं की औषध नाही. बिचारा उन्हातान्हात वाडीवर परत जाऊन पान तोडून आणायचा, आणि शिव्या देत पुन्हा ह्यांच्याकडेच यायचा. ओमानी माणसं डॉक्टरला दख्तर म्हणतात. सगळा रुस्ताक ह्यांनाही दख्तरच म्हणायचा, आणि बघता बघता आम्हीही.

मी सांगलीहून कारकून म्हणून त्या दुकानात रुजू झालो, तेव्हा मला अरबीचं अक्षर येत नव्हतं. पहिल्याच आठवड्यात दख्तर एका म्हाताऱ्या शेतकऱ्यावर ओरडले, "वरका! जीब वरका!" जीब म्हणजे आण आणि वरका म्हणजे कागद, एवढं मला ऑफिसात कळलं होतं. मी तत्परतेने कोरा कागद आणून म्हाताऱ्याच्या हातात दिला. तो कागदाकडे बघतो, मी त्याच्याकडे बघतो. अरबीत झाडाचं पान आणि कागद ह्या दोन्हींना वरकाच म्हणतात, हे मला कोणी सांगितलं होतं! दख्तर डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले. "सांगलीकर, कागद काय करायचाय त्याला? कागद काय आजारी पडतो व्हय?"

गिऱ्हाइकाला नको ते विकायचं नाही, हा त्यांचा हट्ट होता, आणि मालकापेक्षा तो हट्ट मोठा होता. सुलेमान नावाच्या शेतकऱ्याची कागदी लिंबांची बाग होती. एकदा तो एक फांदी घेऊन आला. तिच्या टोकाला बारीक पानांचा केरसुणीसारखा झुपका आला होता. दख्तरांनी फांदी फिरवून पाहिली आणि म्हणाले, "अर्बाब शेठ, ह्याला औषध नाय. ते झाड तोड, जाळ. नायतर शेजारचंबी जाईल." आमच्या फडताळावर तेव्हा तीन प्रकारची औषधं होती. सुलेमान कुठलंही उचलायला तयार होता. दख्तरांनी त्याला कुऱ्हाड विकली. सुलेमानने रडत रडत दोन झाडं जाळली आणि बाकीची बाग वाचली. त्यानंतर त्याच्या घरच्या लग्नाचं पहिलं आमंत्रण दख्तरांना असायचं.

आता कार्डाबद्दल सांगतो, कारण सगळं महाभारत त्यातच आहे. आखातात माणसाचे दोन धंदे असतात, एक हाताचा आणि एक रेसिडेन्सी कार्डावरचा. कंपनीकडे ज्या कामाचा व्हिसा शिल्लक असेल, त्यावर माणूस येतो. कार्डावर सुतार असलेला बिर्याणी शिजवतो, आणि त्यात कोणाला नवल वाटत नाही. दख्तर तरुणपणी माल चढवण्या-उतरवण्याच्या व्हिसावर आले होते. कार्ड दर वेळी नवं झालं, पण आतला शब्द तोच राहिला. बदलून घ्या, असं मी अनेकदा म्हणालो. ते म्हणायचे, "कार्ड बघून कोन येतो आपल्याकडं? लोक मना बघून येतात."

मी पुढे मस्कतच्या मुख्य कचेरीत गेलो, माणसांच्या नोंदी ठेवायच्या खात्यात. त्यानंतर काही वर्षांनी आमच्या कंपनीने ह्या धंद्यातली दुसरी मोठी कंपनी विकत घ्यायचं ठरवलं. रुस्ताकात त्यांचं दुकान आमच्या समोरच होतं. दोन्ही एकाच मालकाची झाली, तर शेतकऱ्याने जायचं कुठे? म्हणून सरकारी खात्याने अट घातली. रुस्ताक आणि इब्रा ह्या दोन गावांतलं एकेक दुकान तिसऱ्या, बाहेरच्या माणसाला विकायचं. तेही नुसत्या भिंती नव्हेत, तर चालतं दुकान, मालासकट आणि ते चालवणाऱ्या महत्त्वाच्या माणसांसकट. अट शहाण्या माणसाने लिहिली होती, हे मी आजही म्हणेन. आमच्या कंपनीने रुस्ताकचं आपलं दुकान विकायला काढलं आणि समोरचं ठेवलं.

ती महत्त्वाच्या माणसांची यादी करायचं काम माझ्याकडे आलं. मी दख्तरांचं नाव सगळ्यात वर घातलं. मॅनेजरने कागद परत माझ्या टेबलावर टाकला. "हमालाला महत्त्वाचा माणूस म्हणून पाठवता? कार्डावर जे आहे ते लिहा." तो रुस्ताकला शंभर वेळा गेलेला, दख्तरांच्या हातचा चहा प्यायलेला माणूस होता. दख्तर दुकान घेणाऱ्याला मिळाले, तर गिऱ्हाईक त्यांच्यामागे जाईल, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. आणि त्याने काढलेली पळवाट कायद्यात अचूक बसत होती. मी नाव खोडलं. खाली सही केली. सरकारी अधिकाऱ्याने फोनवर विचारलं, दुकान चालवायला लागणारी सगळी माणसं आली ना? मॅनेजर समोर उभा होता. मी म्हणालो, "कुल्लु." सगळी.

त्या यादीतल्या लोकांबरोबर दुकान विकलं गेलं. घेणारा टाइल्सचा व्यापारी होता. त्याला खत आणि सिमेंट ही फक्त दोन प्रकारची पोती वाटायची. दख्तरांना आमच्याच कंपनीने मस्कतजवळ रुसैलच्या गोदामात पाठवलं आणि कार्डाप्रमाणे काम दिलं. आयुष्यभर ज्यांनी पानाचा देठ चिमटीत धरला, ते साठीत पोती उचलायला लागले. ह्याला काय म्हणायचं? मला तर शिवीशिवाय दुसरा शब्द सुचत नाही.

रुस्ताकचे शेतकरी काही इतक्यात सोडणारे नव्हते. ते दख्तरांना मोबाइलवर पानांचे फोटो पाठवू लागले, आणि दख्तर जेवणाच्या सुट्टीत उत्तरं देऊ लागले. हे कंपनीला कळलं. विकलेल्या दुकानाची गिऱ्हाइकं कंपनीने ओढायची नाहीत, असंही सरकारी अटीत एक कलम होतं. त्यावर बोट ठेवून दख्तरांना ताकीद दिली गेली. शेतकऱ्याच्या भल्यासाठी लिहिलेलं कलम, त्यानेच त्याच्या वैद्याचं तोंड बंद केलं! चोराच्या हातात जामदारखान्याच्या किल्ल्या म्हणतात, ते हेच. ते ताकीदपत्रही मीच टाइप केलं. मला बायको होती, मस्कतच्या शाळेत जाणारी दोन मुलं होती, ही कारणं तेव्हा मला पुरेशी वाटली.

सुलेमानच्या बागेत पुन्हा झुपके आले. टाइल्सवाल्याच्या दुकानात त्याला तिन्ही औषधं विकली. दोन हंगामांत बाग बसली. त्यानंतर वर्षभरात टाइल्सवाल्याने दुकानाला टाळं लावलं. आता रुस्ताकात आमचं एकच दुकान उरलं, आणि शेळ्यांच्या खाद्याचा भाव आम्ही म्हणू तो. मॅनेजरला बढती मिळाली. मी सरकारी खात्याला पत्र लिहिलं, सगळं खरं लिहिलं. उत्तर आलं की अट वेळेत पूर्ण झाल्याची नोंद आहे आणि प्रकरण बंद आहे. खलास.

दख्तर कायमचे गावी जायला निघाले, त्या आठवड्यात मी त्यांना भेटायला रुसैलला गेलो. गोदामाच्या सावलीत ते कमरेला पट्टा बांधून बसले होते. मला बघून त्यांना आनंद झाला, आणि तेच मला सोसेना. मी म्हणालो, "दख्तर, ती यादी मी केली होती."

"मना म्हायत हाय. ती दुकानात लावली व्हती, खाली तुजी सही व्हती."

"मग मला बोलला का नाहीत?"

त्यांनी कमरेचा पट्टा सैल केला. मग म्हणाले, "सांगलीकर, तू चार वर्सं माज्या बाजूला उभा व्हतास. मी काय काम करतो, तुला म्हायत नव्हतं काय?"

हे त्यांनी रागाने विचारलं असतं, तर मी सुटलो असतो. ते खरंच विचारत होते.