दोन थेंब, दहा मिनिटं

पहिला थेंब स्वतःच्या मनगटावर. मग मान तिरकी करून जरा वेळ थांबायचं, मनगट आता काहीतरी सांगणार आहे अशा चेहऱ्याने. आणि मग जाहीर करायचं, "अंगाइतकं झालं. व्हा आडवे."

प्रतापनगरला आमच्या गल्लीत कुणाचा कान बंद झाला की तो डॉक्टरकडे जायच्या आधी या काकांच्या ओट्यावर जायचा. तिथे एक लाकडी बाकडं होतं, त्यावर घडी घातलेली चादर आणि एक चपटी उशी. माझी नोकरी फतेगंजला, एका कान-नाक-घशाच्या डॉक्टरांकडे. ऐकू किती येतं ते यंत्रावर तपासायचं माझं काम. म्हणजे पाहायला गेलं तर काकांचा आणि माझा धंदा एकच, आणि मला त्यांचा राग यायला हवा होता. तो आला नाही, कारण काका त्यांच्या कामात चोख होते.

ते रेल्वेच्या वर्कशॉपमधून फिटर म्हणून निवृत्त झालेले. पणजोबा संस्थानच्या फौजेत होते हे ते फक्त पाहुण्यांना सांगत. आपण एकही जाम नट मोडू दिला नाही, हे मात्र येणाऱ्याजाणाऱ्या प्रत्येकाला. त्यांचं कानाचं शास्त्र त्या नटांवरच शिकलेलं होतं. गंजलेल्या नटावर पाना घेऊन तुटून पडतो तो फिटर कच्चा. तेलाचे दोन थेंब सोडावेत, चहा पिऊन यावं आणि मग पाना लावावा. "कानातला मळ काय वेगळा असतो?" ते विचारायचे. "भिजू दे. ओढशील तर आत सरकेल." गुजराती शेजाऱ्यांसाठी हेच दोन शब्दांत व्हायचं, "पलळवा दो."

तेल साधं खोबरेल. थंडीत गोठलं तर वाटी कोमट पाण्यात ठेवायची, गॅसवर कधीच नाही. शेजारच्या भाभींनी एकदा त्यात लसूण तळून टाकायचा आग्रह धरला, तर काका म्हणाले, "लसूण डाळीत घाला भाभी, कानाने काय पाप केलंय?" त्याच भाभी पहिल्यांदा आल्या तेव्हा त्यांच्या हातात केसांची पिन होती. काकांनी ती काढून घेतली आणि शेवटपर्यंत परत दिली नाही.

थेंब सोडण्याआधी तीन प्रश्न असत. कान दुखतो का? पाणी किंवा पू येतो का? पडद्याला कधी भोक पडलं होतं का? एकालाही हो आलं की वाटीवर झाकण. मग समोरचा कितीही गयावया करो. "हे काम माझं नाही. फतेगंजला जा, आपली ताई आहे तिथे." ती ताई म्हणजे मी.

सगळं निभावलं की कान वर आणि मागे ओढून दोन थेंब. मग दहा मिनिटं कुशीवर, न बोलता. कोयलीच्या रिफायनरीत काम करणारा एक तरुण त्या दहा मिनिटांतही मोबाइल पाहत होता, तर काकांनी तो काढून काकूंच्या हातात दिला. तीन दिवस हा कार्यक्रम चालायचा. बऱ्याच जणांचा कान तेवढ्यात मोकळा व्हायचा. ज्यांचा होत नसे ते आमच्याकडे यायचे, आणि आमचे डॉक्टर, जे सहसा कुणाचं कौतुक करत नाहीत, कानात डोकावून विचारायचे, "कुणी भिजवून पाठवलाय? लोण्यासारखा निघतोय." अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. त्यांना थोडंच येतं, पण जेवढं येतं त्याची हद्द त्यांना माहीत असते.

काकूंबद्दल गल्लीत कुणी फारसं बोलायचं नाही, कारण काकूच फारशा बोलायच्या नाहीत. बोलल्या तरी आवाज अगदी हळू. त्यांच्या माहेरी बायकांचा आवाज ओट्यापर्यंत आलेला चालत नसे, आणि लग्नाला इतकी वर्षं झाली तरी तो नियम त्यांनी पाळला होता. भिंतीला भिंत लागून घरं. मोठ्याने हाक मारली तर लोकांना वाटेल भांडण चाललंय, असं त्या म्हणायच्या.

काकांना कमी ऐकू येऊ लागलंय हे मला आधी कळायला हवं होतं. रोज तेच करते मी. पण घराजवळची माणसं आपण तपासत नाही, नुसती पाहतो. काका हल्ली प्रश्न विचारून लगेच मान हलवायचे. लोक म्हणायचे, वयाबरोबर काका गंभीर झाले. मीही तेच म्हणायचे. काका स्वतः म्हणायचे, "माझ्याही कानात मळ साठलाय. सुटेल." दर रविवारी सकाळी बाकड्यावर ते आडवे व्हायचे आणि काकू त्यांच्या कानात दोन थेंब सोडायच्या. स्कूटर काढताना ते दृश्य मी कितीतरी वेळा पाहिलं होतं, आणि दोघांचं बरं चाललंय असं मनात म्हटलं होतं.

मग मागच्या गल्लीत शिवणकाम करणाऱ्या एक बहेन आमच्या दवाखान्यात आल्या, भावाचा दंड धरून. कान ठणकत होता, चक्कर इतकी की उभं राहता येईना. लहानपणापासून त्यांच्या पडद्याला भोक होतं आणि आदल्या दिवशी त्यात तेल गेलं होतं. मी विचारलं, काकांना सांगितलं नाहीत? त्या कळवळून म्हणाल्या, "में तो कह्युं हतुं, बेन! काकाए माथुं हलाव्युं ने."

काकांनी तीनही प्रश्न विचारले होते. तिसऱ्याचं उत्तर त्यांना ऐकूच आलं नव्हतं. नेहमी येतं तसं 'नाही' आलं असेल असं धरून त्यांनी मान हलवली होती.

बहेनना बरं व्हायला दोन आठवडे लागले. पण दुसऱ्याच दिवशी काकू माझ्या दारात उभ्या. "मी उंबऱ्यात होते गं," त्या म्हणाल्या. "तिचं बोलणं मला ऐकू आलं. मी म्हटलं, अहो, थांबा. दोनदा म्हटलं. ओरडले असते तर..." मग म्हणाल्या, "उद्या त्यांना घेऊन येते तुझ्याकडे."

दुसऱ्या दिवशी काका इस्त्रीचा शर्ट घालून आले, जणू परीक्षा मीच देणार होते. डॉक्टरांनी कानात पाहिलं, आणि तपासणीची चिठ्ठी मला दिली. मी काकांना काचेच्या खोलीत बसवलं, कानांवर हेडफोन चढवले आणि सांगितलं, शिट्टी ऐकू आली की बटण दाबा. ते दाबू लागले. फारच छान दाबू लागले. मला शंका आली. मी यंत्राची कळ दाबताना माझा खांदा हलतो आणि काका काचेतून तो पाहत होते. मी मधे एक फाइल उभी केली. त्यानंतर बटण बराच वेळ दाबलं गेलं नाही. फाइलच्या कडेवरून पाहिलं तर काका बटणावर अंगठा ठेवून वाट पाहत होते. त्या दिवशी मला वाईट वाटलं. नोकरीत असं वाटून घेऊ नये असं मी नव्या मुलींना शिकवते.

तपासणी झाल्यावर दोघांना समोर बसवलं आणि मी मोठ्याने, तोंड समोर ठेवून सांगितलं, "काका, तुमच्या कानात मळ नाही. अजिबात नाही. कान स्वच्छ आहेत. वर्कशॉपच्या ठोकाठोकीने आतली नस कमजोर झालीय."

"मग तेलाने...?"

"तेलाने ती सुटणार नाही, काका. तिथे जाम झालेलं काही नाहीच."

आयुष्यभर जाम झालेल्या गोष्टी सोडवणाऱ्या माणसाला हे सांगणं सोपं नाही. ते हातांकडे पाहत राहिले. मग म्हणाले, "किती वर्षांपासून?"

आलेखावरून मी म्हटलं, सात-आठ तरी.

तेव्हा काकू बोलल्या. माझ्याशी नाही, त्यांच्याशी, आणि पहिल्यांदाच थोड्या मोठ्याने. "म्हणजे रविवारी मी बोलायचे ते?"

"काय बोलायचीस?"

"तेल घातलं की तुम्ही दहा मिनिटं कुठे जात नव्हतात. तेव्हाच सांगायचे सगळं. लेकीचं, माझ्या गुडघ्याचं, मनातलं. तुम्ही डोळे मिटून ओठ हलवायचात. मला वाटायचं, ऐकताय."

काकांचा डावा कान जरा बरा होता. तेल उजव्यात असताना तो डावा उशीत दाबलेला असायचा. हे मी मनात जुळवते आहे तोवर काका म्हणाले, "मी अंक मोजायचो. दहा मिनिटांचे सहाशे." मग म्हणाले, "मला वाटलं, तू बोलायचीच थांबलीस. काही चुकलं असेल माझं, म्हणून विचारलं नाही."

मी यंत्राची वायर गुंडाळायला घेतली. ती आधीच गुंडाळलेली होती.

श्रवणयंत्र बसवलं त्या दिवशी मी काकूंना म्हटलं, काहीतरी बोला, नेहमीच्या आवाजात. त्या गोंधळल्या. मग म्हणाल्या, "घरी चला, वाल भिजत घातलेत."

"पुन्हा म्हण," काका म्हणाले.

"का? ऐकू नाही आलं?"

"आलं. म्हणून तर."

ओट्यावरचं काम काकांनी बंद केलं. त्या बहेनच्या घरी जाऊन त्यांनी हात जोडून माफी मागितली, हे मला बहेननीच सांगितलं. बाकडं राहिलं. संध्याकाळी दोघं त्यावर बसायची, काकू बोलायच्या आणि काका मधूनमधून हं म्हणायचे. त्यातले शब्द रस्त्यावर कधी ऐकू आले नाहीत. भाभी म्हणायच्या, "एवढं काय बोलतात ओ रोज?" मलाही कुतूहल होतं, पण यंत्र काकांच्या कानात होतं, माझ्या नाही.

हे वर्षभर चाललं. मग एका दुपारी काका जेवून आडवे झाले ते उठले नाहीत. हृदयाचं होतं, कानाशी काही संबंध नव्हता.

दोन महिन्यांनी काकू दवाखान्यात आल्या आणि यंत्राच्या बॅटऱ्या मागितल्या. मला वाटलं, यंत्र कुणा नात्यातल्याला दिलं असेल. त्या पुढच्या महिन्यात आल्या, त्याच्याही पुढच्या. शेवटी मी म्हटलं, "काकू, ते यंत्र काकांच्या कानासाठी जुळवलेलं आहे. दुसऱ्या कुणाला तसंच घालायला देऊ नका."

"दुसऱ्याला कशाला देऊ?" त्या म्हणाल्या. आवाज इतका हळू की मला खुर्ची पुढे ओढावी लागली. "टेबलावर ठेवते आणि बोलते. बॅटरी वाया जाते, कळतं मला. पण बंद यंत्रापुढे बोलायला कसंतरी वाटतं."

मी बॅटऱ्यांचा खण उघडून उगाच आत पाहू लागले. त्यांनाच माझी दया आली असावी, कारण त्या समजावणीच्या सुरात म्हणाल्या, "आठ वर्षांचं साठलेलं होतं गं. एका वर्षात कुठे संपतंय?"

मी त्यांना दोन पाकिटं दिली.