लुआन काकू आणि आरमाराचा चर

लुआन काकूंनी आपल्या एकुलत्या एका मुलाला आरमारात घातला तो पूर्ण विचार करून. हार्बिनच्या नदीकाठच्या वस्तीत त्या वर्षांत प्रत्येक आईला हा विचार करावाच लागे. पायदळात गेलेली मुलं बंडखोरांशी लढायला डोंगरात जात. मजुरीला नेलेली मुलं खाणीत जात, आणि खाणीतून कोणी परत आल्याचं ऐकिवात नव्हतं. राहता राहिलं आरमार. काकूंनी चुलीपुढे बसून तीन दिवस डोकं चालवलं. आरमार लढतं कुठे? समुद्रावर. आपल्या राज्याला समुद्र आहे का? नाही. नदी आहे, आणि तीही वर्षातले पाच महिने दगडासारखी गोठलेली. म्हणजे याहून निर्धास्त नोकरी सगळ्या जगात शोधून सापडायची नाही. चौथ्या दिवशी त्यांनी शुआनजूची मान गरम पाण्याने खसाखसा घासली, जोड्यांत ताजं गवत भरलं आणि त्याला स्वतः भरतीच्या रांगेत नेऊन उभा केला.

शुआनजू हे त्याचं घरचं नाव. आधीची दोन मुलं हाती लागली नाहीत, म्हणून तिसरं होताच काकूंनी त्याच्या मनगटाला लाल दोरा बांधला आणि नाव ठेवलं शुआनजू, म्हणजे बांधून ठेवलेला. पोरगा एकोणीस वर्षांचा झाला, खांद्याने दारात अडकायला लागला, तरी काकूंच्या मनातला दोरा काही सुटला नव्हता.

राज्य म्हणाल तर नवंकोरं होतं. त्याला जपान्यांनी गादीवर बसवलेला सम्राट होता, पाचरंगी झेंडा होता, राष्ट्रगीत होतं आणि आरमारही होतं. आरमारात नदीवर चालणाऱ्या चार-पाच गनबोटी होत्या. प्रत्येक बोटीवर कप्तानाच्या केबिनमध्ये एकच चांगली खुर्ची असे. जो तिच्यावर बसलेला असे तो जपानी सल्लागार आणि जो शेजारी उभा असे तो कप्तान. एवढं कळलं की राज्यकारभार कळला.

शुआनजूची बोट 'फिंगलांग'. हिवाळ्यात सगळ्या बोटी नदीच्या आडव्या फाट्यात, वाळूच्या लांब पट्ट्यामागे उभ्या करत. मग त्या तिथेच गोठत. फिंगलांगच्या तळाच्या कोठारात खलाशी आंबवलेल्या कोबीची पिंपं ठेवत, त्यामुळे शत्रूला तोफेआधी वासच यायचा, असं सारंग च्याओ म्हणे. सारंग म्हणजे खलाशांचा मुकादम; साठीला आलेला, आधीच्या दोन राजवटींतही याच बोटींवर होता. टोपीवरचा बिल्ला तेवढा बदलत गेला.

हिवाळ्यात आरमाराचं एकच खरं काम. बोटीभोवतीचा चर मोकळा ठेवणं. बर्फ फुगतं आणि बोटीला मिठी मारतं. मिठी घट्ट झाली की पत्र्याचे रिव्हेट बंदुकीच्या गोळ्यांसारखे उडतात. म्हणून बोटीच्या अंगालगत दोन विती रुंद चर खणायचा. रात्रीतून तो पुन्हा गोठतो; सकाळी पहारीने पुन्हा फोडायचा. फिंगलांगचा चर शुआनजूकडे होता. रोज साडेआठला सल्लागार मोरिवाकी फूटपट्टी घेऊन बर्फावर उतरत आणि सगळे चर मोजत. बुटका, नीटनेटका माणूस. मिशांवर बर्फ जमलं तरी ते झटकून मगच आकडा वहीत लिहायचा.

लुआन काकू पहाटे पाचला घसरगाडीवर सोयाबीनच्या दुधाचा हंडा आणि तळलेल्या कणकेच्या कांड्या घेऊन बोटींपाशी येत. नवरा नदीवरच मालाच्या होड्या ओढायचा; तो तापाने गेल्यापासून हाच त्यांचा धंदा. मुलाला सकाळी डोळ्यांनी बघायला मिळतं, हा वरचा नफा.

महायुद्धाचं पाचवं वर्ष लागलं होतं. नव्या वर्षाच्या सणानंतर एका सकाळी सारंगाने दुधाचा वाडगा दोन्ही हातांत धरला आणि सहज म्हणावं तसं म्हणाला, "ऐकलंत का काकू? नदी उघडली की आपल्यातला एक जण समुद्रावर पाठवणार आहेत."

"कुणाच्या समुद्रावर?"

"आपल्याच."

"आपल्याला कुठला आलाय समुद्र?"

"आहे की. खाली दक्षिणेला. राज्याची करंगळी तेवढी बुडते त्यात. तिथनं पुढे जपान्यांच्या मोठ्या जहाजांबरोबर."

काकूंच्या हातातली पळी तशीच राहिली. "करंगळी बुडते, आणि हे मला आत्ता सांगताय?"

"तुम्ही कधी विचारलंत?"

"आणि पाठवणार कुणाला?"

"ज्याचा चर हिवाळाभर सगळ्यांत चांगला, त्याला. मानाचं आहे म्हणे. शिवाय पांढरा तांदूळ मिळणार, पिशवीभर. तांदूळ जपान्यांसाठी राखीव, आपण भात खाल्ला तर एरवी तुरुंग, पण बक्षिसाचा खाल्ला तर चालतो. चिठ्ठी जवळ ठेवून खायचा."

त्या दिवशी काकूंनी तीन खलाशांना दूध फुकट दिलं आणि चौघांना द्यायचंच विसरल्या.

शुआनजू झोपायचा बोटीवर, पण संध्याकाळी जेवायला घरी येई. त्या दिवशीही आला. ऊबदार कट्ट्यावर पाय पसरून ज्वारीची पेज ओरपू लागला, तेव्हा काकूंनी विषय काढला.

"बाळा, तू जरा आळस करत जा."

शुआनजूने वाडग्यातून मान वर काढली. "काय?"

"सकाळी थोडा उशिरा उठावं. पहार हळू मारावी. इतकं काय त्या बर्फाचं?"

"आई, जगातल्या आया मुलांना सांगतात, नीट काम कर. तू कुठल्या जगातली?"

"मी बर्फ फोडू नको नाही म्हणत. वेडंवाकडं फोड."

"हाओच्या चरापेक्षा माझा चर बोटभर रुंद आहे," शुआनजू म्हणाला आणि अभिमानाने पुन्हा पेजेत शिरला. हाओ शेजारच्या बोटीवरचा. त्याच्याही मनात तेच खूळ.

सांगून भागत नाही म्हटल्यावर काकूंनी हातात फावडं घेतलं. दुसऱ्या दिवसापासून त्या पाचऐवजी साडेचारला यायला लागल्या. पहारेकरी आपल्या खोपटात. त्याला वाफाळता वाडगा दिला की त्याचं तोंड त्यात आणि डोळे मिटलेले. तेवढ्यात काकू फिंगलांगच्या चरात बर्फाचा भुगा लोटत, वरून हंडा विसळलेलं पाणी ओतत. नुसतं पाणी गोठलं तर वीतभर गोठतं. त्यात भुगा कालवला की चर तळापर्यंत सिमेंटसारखा बसतो. पहारेकऱ्याने कधी बाहेर पाहिलंच, तर त्याला बाई गाडीसाठी वाट साफ करताना दिसे. आता मोरिवाकी येईल, फूटपट्टी लावेल, आत काहीच नाही म्हणून तोंड वाकडं करेल, असं काकूंनी मनाशी रंगवलं होतं.

पहिल्या सकाळी शुआनजूने पहार मारली आणि ती टणकन उडाली. त्याने चराकडे पाहिलं, हातावर थुंकला, कोट काढला आणि सुटला. बाकीच्यांचं काम आठला संपलं. साडेआठला मोरिवाकी उतरले तेव्हा सगळे खलाशी शेगडीभोवती हात शेकत उभे होते आणि एकटा शुआनजू, डोक्यातून वाफ निघतेय, भुवया पांढऱ्या, अजून घाव घालत होता. मोरिवाकींनी वहीत काहीतरी लिहिलं. रोज असंच व्हायला लागलं. काकूंनी भुगा वाढवला. पोराने घाव वाढवले. काकू चार वाजता यायला लागल्या, तर पोरगा सहाला उठायला लागला. महिन्याभरात त्याचे दंड असे झाले की गणवेश उसवून नवा शिवावा लागला, आणि फिंगलांगचा चर इतका सरळ, इतका स्वच्छ की कप्तान पाहुण्यांना तो दाखवायला आणू लागला.

"हे पोर अजब आहे," सारंग एकदा दूध पिता पिता म्हणाला. "इतरांचा चर वीतभर गोठतो, याचा कमरेइतका. जणू काही नदीचं याच्याशीच वैर आहे."

"असेल बाई," काकू म्हणाल्या आणि त्यांना ठसका लागला.

मार्चच्या शेवटी फलकावर यादी लागली. पहिलं नाव लुआनचं, कारण कागदावर शुआनजू आडनावानेच होता; दुसरं हाओचं. म्हणजे लुआन काही कारणाने अडला तरच हाओ. एप्रिलच्या नवव्या दिवशी नदी उघडण्याचा समारंभ. त्यासाठी बर्फात करवतीने वाट कापून फिंगलांगला वाळूच्या पट्ट्याबाहेर, मोठ्या धक्क्यावर ओढत न्यायचं, रंग द्यायचा, बोटीवर लुआनला उभा करायचा, फोटो काढायचा. मग तिथूनच आगगाडीने समुद्राकडे. मोठ्या धक्क्यावर मांडव उभा राहिला, त्याला कागदी फुलं लागली. शुआनजू चालताना जमिनीला पाय लावत नव्हता. काकूंनी त्याच्यासाठी लोकरी मोजे विणायला घेतले. दिवसा विणत आणि संध्याकाळी उसवत. मोजे पुरे झाले नाहीत तर जाणं टळेल, असं काही त्यांच्या डोक्यात होतं.

चर बुजवायचं मात्र त्यांनी थांबवलं नाही. आता उपयोग नव्हता, पण हाताला सवय लागलेली. आणि त्यामुळेच सहा एप्रिलच्या पहाटे त्यांना ते दिसलं.

चरातलं पाणी, गोठलेलं असो वा नसो, रोज काठाखाली हातभर असे. त्या दिवशी ते काठावर येऊन बर्फावर पसरत होतं. काकूंनी बोट बुडवलं. पाणी गढूळ होतं, त्यात गवताच्या काड्या, लव्हाळ्याची मुळं. इथे तर अजून बोटं गळून पडतील इतकी थंडी होती. म्हणजे हे वरच्या अंगाकडून आलेलं.

नदी दोन तऱ्हांनी उघडते हे काठावरच्या पोरासोरांनाही ठाऊक असतं. कधी पंतोजीसारखी, जागच्या जागी विरघळत, कोणाला न दुखवता. कधी शिपायासारखी. वरचा बर्फ आधी फुटतो, खालचा अजून घट्ट असतो, मागून लोंढा येतो आणि घराएवढाले तुकडे एकमेकांवर चढत, गर्जत, वाटेत येईल ते चिरडत जातात. त्या वेळी मोठ्या धक्क्यावर उभ्या बोटीचं काय होईल हे सांगायला सारंग लागत नव्हता. आणि त्या बोटीवर उभा असणार होता कोण?

काकू धावतच सारंगाकडे गेल्या. सारंग वाकून पाणी बघून आला आणि त्याचा चेहरा पडला.

"सल्लागाराला सांगायला हवं. पण तो ऐकायचा नाही. कॅलेंडरात नऊ तारीख आहे."

"मी सांगते."

सात वाजता सगळे खलाशी दोर घेऊन फिंगलांग ओढायला जमले होते. शुआनजू सगळ्यांत पुढे. काकू सरळ मोरिवाकींसमोर जाऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "साहेब, बोट बाहेर नेऊ नका. नदी शिपायासारखी उघडणार आहे. चरात वरचं पाणी चढलंय."

मोरिवाकींना त्यांची भाषा बऱ्यापैकी येत होती. त्यांनी घड्याळ पाहिलं. "चरात पाणी मी रोज बघतो. साडेआठला. काही नाही."

"साडेआठला काय दिसणार? तोवर वर खपली धरते, पोरं फोडतात, सगळं कालवतात. मी पहाटे चारला बघते."

"पहाटे चारला," मोरिवाकी सावकाश म्हणाले, "तुम्ही माझ्या चरापाशी काय करता?"

काकूंनी मुलाकडे पाहिलं. तो त्यांना डोळ्यांनी खुणावत होता, आई, घरी जा. त्या दोन क्षणांत काकूंना हेही कळलं की आता तोंड उघडलं तर पोरगा आपल्याला जन्मभर माफ करणार नाही; आणि नाही उघडलं, तर माफ करायला उरणारही नाही.

"बुजवते," त्या म्हणाल्या.

"काय?"

"चर. रोज. जानेवारीपासून. बर्फाचा भुगा घालते आणि वरून पाणी. म्हणजे माझ्या शुआनजूचं नाव खाली जावं आणि समुद्रावर त्याला नेऊ नये."

आधी हाओ हसला. मग त्याच्या मागचा. मग सगळं आरमार बर्फावर बसून हसलं. कप्तानाने तोंड फिरवलं, पण त्याचे खांदे हलत होते. "शुआनजू!" कोणीतरी ओरडलं, "आईने बांधून ठेवलाय रे तुला!" शुआनजूचे कान लालभडक झाले.

मोरिवाकी हसले नाहीत. ते चालत चरापाशी गेले, वाकले, पाण्यातून लव्हाळ्याचं एक मूळ उचललं, फूटपट्टीवर ठेवून मोजलं. मग वही काढून त्यांनी एका नावावर रेघ मारली. "चर चांगला होता, पण तो खलाशाचा नव्हता. आईचा होता. आईला समुद्रावर पाठवण्याची सोय नाही." आणि दोर खाली ठेवायला सांगितलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी नदी फुटली. आधी दूर कुठेतरी गडगडलं, मग बर्फाची भिंत वळणावरून आली. वाळूच्या पट्ट्यामागे बोटी नुसत्या डुलल्या आणि कोबीची दोन पिंपं कलंडली. मोठ्या धक्क्यावरचा मांडव कागदी फुलांसकट उचलला गेला आणि बराच वेळ बर्फावर बसून, मिरवत, खाली गेला. वर गेलेल्या अहवालात म्हणे लिहिलं होतं की बोटी शास्त्रीय निरीक्षणामुळे वाचल्या. काकूंना शिक्षा करायची तर निरीक्षण कोणाचं हे लिहावं लागलं असतं, म्हणून शिक्षा झाली नाही.

समुद्रावर हाओ गेला. त्याला जायचंच होतं. स्टेशनावर तो सगळ्यांत मोठ्याने बोलत होता. काकूही गेल्या होत्या. त्यांनी लोकरी मोजे रात्रीतून पुरे केले होते, ते त्याच्या हातात दिले आणि उकडलेली सहा अंडी. हाओची आई खांबापाशी उभी होती. तिने काकूंकडे पाहिलं, काकूंनी खाली पाहिलं. गाडी गेल्यावर दोघी घरापर्यंत एकत्र चालत आल्या. पुढे कितीतरी वर्षं, ते राज्य आणि त्याचं आरमार दोन उन्हाळ्यांत नाहीसं झालं त्यानंतरही, हाओच्या आईच्या दाराशी रोज सकाळी दुधाचा वाडगा कोण ठेवतं हे सगळ्या गल्लीला माहीत होतं.

शुआनजू अकरा दिवस आईशी बोलला नाही. घरी यायचा, भिंतीकडे तोंड करून जेवायचा. बाराव्या दिवशी काकूंनी नव्या पाण्यातला पहिला मासा आणला. पाच महिने बर्फाखाली उपाशी राहिलेला तो मासा त्या काठावर वर्षातून एकदाच मिळतो, आणि त्याच्या वासाने भांडलेले भाऊसुद्धा एका ताटाशी येतात. काकूंनी तो कोबीबरोबर शिजवला आणि कट्ट्यावर मधोमध ठेवला.

भिंतीकडून आवाज आला. "डोकं माझं."

"घे की."

त्याने वळून डोकं उचललं, चोखलं, काटे ओळीने मांडले. मग आईकडे न बघता म्हणाला, "पुढच्या हिवाळ्यात सातच्या आत बर्फावर पाऊल ठेवायचं नाही."

"बरं."

"फावड्याला हात लावायचा नाही."

"बरं."

"आणि चारचौघांत मला त्या नावाने हाक मारायची नाही."

"बरं, शुआनजू," काकू म्हणाल्या, आणि माशाचा पोटाकडचा भाग त्याच्या वाडग्यात सरकवला.