तिसऱ्या देशाचा माणूस

कारखाना उभा राहत होता तेव्हा भिलाईत परदेशी म्हणजे रशियन, असंच आम्ही धरून चाललो होतो. मी तिथे ड्राफ्ट्समन होतो, दुर्गहून सायकलने यायचो. एका मशीनच्या जोडणीसाठी फिनलंडचा एक इंजिनिअर आला आणि मला त्याच्या हाताखाली दिलं. दोघांचंही इंग्रजी मोडकंतोडकं, त्यामुळे जमलं.

एकदा त्याने ड्रॉइंगच्या कोऱ्या कोपऱ्यात आपल्या देशाची सीमा काढली आणि पेन्सिल तिच्या पलीकडे टेकवली. "माझं घर इथे होतं. लढाईनंतर हा भाग रशियाकडे गेला." एवढं बोलून तो कामाला लागला.

त्याच आठवड्यात रशियनांच्या क्लबात जेवण होतं. त्यांच्या एका साहेबाने फिनलंडच्या, म्हणजे 'आमच्या चांगल्या शेजाऱ्या'च्या, नावाने ग्लास उंचावला. आमच्या इंजिनिअरनेही हसून उंचावला. मी माझा ग्लास खालीच ठेवला.

परतताना मी विचारलं, "तुमचं घर घेतलं त्यांनी, आणि तुम्ही हसता?"

"आमच्या पुढाऱ्यांनी हेच ठरवलंय. रशियाशी गोडीने राहायचं, अमेरिकेशीही बिघडवायचं नाही, कुणाच्या गोटात जायचं नाही."

"म्हणजे मान खाली घालून जगायचं!"

त्याने चालण्याचा वेग वाढवला.

घरी बाबांना सांगितलं. ते रेल्वेत गार्ड. म्हणाले, "तू काहून चिडून राहिला? त्यानं पुन्हा लढावं का? तुले तमाशा पाहाचा हाय, त्याले तिथंच राहाचं हाय." मी ताटावरून उठलो.

पुढे एक अमेरिकन पत्रकार कारखाना पाहायला आला. सगळ्यांसमोर त्याने इंजिनिअरला टोमणा मारला, की तुमचं सरकार शिंकतानाही मॉस्कोला विचारतं. वाटलं, आता तरी हा भडकेल. तो म्हणाला, "मशीन गुरुवारी सुरू होईल." पत्रकार हसत निघून गेला. मी हातातली पट्टी टेबलावर आपटली.

काम संपल्यावर दुर्ग स्टेशनवर इंजिनिअरला सोडायला गेलो, तेव्हाही मी तेच उकरून काढलं. पहिल्यांदाच त्याचा आवाज चढला. "तुमचा देश केवढा मोठा! तुम्ही कुणाच्याच बाजूचे नाही म्हटलंत, की रशिया-अमेरिका दोघंही मदत घेऊन येतात. आम्ही तेच म्हटलं, की दोघंही संशय घेतात. तरी आमच्यावर राज्य आमचंच आहे. आणखी काय करायला हवं होतं आम्ही?"

तेवढ्यात गाडी आली. हमालाने ट्रंक चढवली, आणि त्या गर्दीत त्याच्याशी हात मिळवायचंही राहून गेलं. स्वतःवरच चडफडत सायकल हाणत मी घरी आलो. बाबांनी विचारलं, "गेला का तुहा पाहुणा?" मी सायकल भिंतीला लावून आत गेलो.