हनिमूनच्या तिकिटावर सासूबाई

आमचं लग्न झालं ते सत्तरीच्या दशकात, नोव्हेंबरच्या अखेरीस. मुंबईहून पणजीला आगबोटीनं जायचं, तिथं दोन दिवस राहायचं आणि बसनं गोवा पाहायचं, असं आमच्या ह्यांनी ठरवलं होतं. नागपुरात सीताबर्डीवरच्या एका सहलवाल्याकडून बोटीची, लॉजची आणि गाइडच्या बसची अशी सगळी तिकिटं त्यांनी लग्नाआधीच काढून ठेवली होती. मी समुद्र पाहिला नव्हता. त्यांनीही नव्हता.

हे सरकारी कार्यालयात कारकून होते. डिसेंबरात नागपूरला विधानसभेचं अधिवेशन भरलं की सरकारी माणसाला रजा म्हणून मिळत नाही, हे त्यांना ठाऊक होतं. पण साहेबांनी शब्द दिला होता. निघायच्या तीन दिवस आधी संध्याकाळी ते घरी आले, सायकल भिंतीला टेकवली आणि म्हणाले, "सगळ्यांच्या सुट्ट्या रद्द होऊन राहिल्या. साहेबाचीबी."

मी आत जाऊन भांडी घासायला घेतली. घासलेलीच भांडी पुन्हा घासत होते.

तेव्हा सासूबाई आमच्याकडेच होत्या. काटोलजवळच्या खेड्यात त्यांचं घर होतं, संत्र्याचा बगीचा होता. मोठे दीर शेती बघत. सासरे आठ वर्षांपूर्वी गेलेले. आम्हाला स्टेशनवर पोचवून द्यायचं म्हणून त्या मुद्दाम एस.टी.नं आल्या होत्या. लग्नाला तीन आठवडे झाले तरी त्यांच्याशी माझं धड बोलणं झालं नव्हतं. मी नागपूरच्या महाल भागातली, शहरात वाढलेली. त्या भरभर वऱ्हाडी बोलत, पुरुषासारखं 'मी जातो, मी करतो' म्हणत, आणि माझ्याकडे बघून काहीच म्हणत नसत. मला वाटायचं, मी त्यांना पसंत नाही.

त्या रात्री जेवताना त्या मुलाला म्हणाल्या, "तुले जाता येत नाई त मी जातो तिच्यासंग."

ह्यांचा घास हातातच राहिला. "माय, तू? बोटीनं?"

"काहून? बोट मले काय चावते? पोरगी चार दिवसांपासून बॅग भरून राहिली. तिनं काय गुन्हा केला?"

अशी मी हनिमूनला सासूबाईंबरोबर गेले.

माझ्या मैत्रिणी पुढे कितीतरी वर्षं ह्यावरून मला चिडवत. पण त्या दिवशी स्टेशनवर मला रडू येत होतं. हे खिडकीशी उभे राहून आईला सूचना देत होते, तिकिटं कुठे ठेवायची, पाणी कुठलं प्यायचं. सासूबाईंच्या पायाशी संत्र्याची एक मोठी टोपली होती. गाडी हलली तशी त्यांनी मुलाला सांगितलं, "जाय आता घरी. दूध झाकून ठेवजो."

मुंबईत ह्यांच्या मामेभावाकडे एक मुक्काम केला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी आम्हाला भाऊच्या धक्क्यावर बोटीत बसवून दिलं. डेकवर लोकांनी सतरंज्या पसरून जागा धरल्या होत्या. कोकणातली माणसं, ट्रंका, कोंबड्या, फणसाची रोपं. सासूबाईंनी पाच मिनिटांत आमची सतरंजी अशा जागी घातली की एका बाजूला सावली आणि दुसऱ्या बाजूला वारा. जत्रेत बैलगाडीखाली जागा धरावी तशी.

बोट बंदराबाहेर आली आणि मला ओकाऱ्या सुरू झाल्या. समुद्र, समुद्र म्हणून जो मी मनात धरला होता तो मी त्या दिवशी पाहिलाच नाही. मी डोळे मिटून सासूबाईंच्या मांडीवर पडून होते. त्यांनी संत्रं सोललं, साल माझ्या नाकाशी धरली आणि दाबली. तो उग्र, गोड वास नाकात गेला की थोडा वेळ बरं वाटायचं. साल सुकली की दुसरी. डेकवरच्या आणखी तीन-चार बायकांना बोट लागत होती, त्यांनाही त्यांनी साली वाटल्या. संध्याकाळपर्यंत त्या भागातली सगळी माणसं त्यांना 'नागपूरच्या आजी' म्हणायला लागली. त्यांचं वय तेव्हा पन्नाशीचंही नसेल.

मधूनच त्या मला सांगत, "आता डोंगर दिसून राहिला. आता एक डोंगा आला, त्याच्यात माणसं उतरून राहिली. एका बाईनं लेकरू असं वरच्यावर फेकलं अन् त्या नावाड्यानं झेललं, माय वं!" मी त्यांच्याच डोळ्यांनी कोकणचा किनारा पाहिला.

सकाळी पणजी आली. लॉजवर आंघोळी करून आम्ही बसपाशी गेलो. बसमध्ये बहुतेक नवी जोडपी होती. गाइड पन्नाशीचा, सडपातळ, पांढरी पँट, डोक्यावर टोपी. बसच्या दाराशी आमच्याकडे तोंड करून उभा राहायचा आणि मागे वळून न बघता हात करून सांगायचा, डावीकडे नदी, उजवीकडे जुना वाडा. त्याचं मराठी कोकणी हेलाचं, गाण्यासारखं.

सुरुवातीलाच त्यानं प्रत्येक नव्या नवरीला अबोलीचा गजरा दिला. आमच्या बाकापाशी आला, माझा हिरवा चुडा पाहिला, शेजारी सासूबाईंना पाहिलं आणि थबकला.

"नवरदेव कुठे?" त्यानं विचारलं.

सगळी बस वळून बघायला लागली. माझे कान तापले. सासूबाई मोठ्यानं म्हणाल्या, "नवरदेव नागपुरात मंत्र्याच्या मागं फायली घेऊन फिरून राहिला. मी त्याची माय हावो. आण गा तो गजरा इकडे."

बस हसली. मीसुद्धा हसले, घरातून निघाल्यापासून पहिल्यांदा. त्यांनी गजरा माझ्या केसांत माळला. गाइडनं आणखी एक गजरा त्यांच्यापुढे धरला. त्यांचं कपाळ मोकळं होतं. काय चूक झाली ते त्याच्या ध्यानात आलं, पण हात मागे घेता येईना. सासूबाईंनी गजरा घेतला, हुंगला आणि मनगटाला गुंडाळला. दिवसभर तो तिथेच होता.

मग चर्च झाली, देवळं झाली, समुद्रकिनारा झाला. चर्चच्या दारात त्यांनी चपला काढल्या. चालतं, घालून या, असं गाइड म्हणाला तर म्हणाल्या, "तुमच्यात चालत असन. मले नाई चालत." किनाऱ्यावर घोटाभर पाण्यात उभ्या राहून त्यांनी एक चूळ भरली, थुंकली आणि म्हणाल्या, "एवढं पानी, अन् झाडाले घालाच्या कामाचं नाई."

परतताना बस एका अरुंद गल्लीतून वळली. गाइडनं ड्रायव्हरला हळू घ्यायला सांगितलं. निळ्या खिडक्यांचं एक बैठं घर होतं. "हे यादीत नाही," तो म्हणाला, "इथं माझा जन्म झाला. त्या पायरीवर माझी आई मासे घ्यायला बसायची." एवढंच. बस पुढे गेली. पुढच्या बाकावरच्या एकानं बायकोला विचारलं, "हे कशाला दाखवलं?" पण सासूबाई मान वळवून त्या पायरीकडे बघत राहिल्या, घर दिसेनासं होईपर्यंत.

आम्ही नागपूरला परतलो तरी अधिवेशन चालूच होतं. हे रविवारीही कामावर. सासूबाई सोमवारी गावी जाणार होत्या. रविवारी सकाळी चहा पिता पिता त्या मला म्हणाल्या, "देवळं आपल्याइकडेबी हायेत. पण त्या मानसानं आपलं घर दाखवलं, ते मले आवडलं. मी इतके वर्षं नागपुरात येतो. बाजार अन् दवाखाना, याच्याबाहेर काई पाह्यलं नाई. तू दाखव मले तुयं नागपूर. यादीत नाई ते."

मी एका सायकल रिक्षावाल्याला दिवसभरासाठी ठरवलं. महालातलं आमचं भाड्याचं घर बाहेरून दाखवलं, कारण आई-बाबा तेव्हा भावाकडे भिलाईला होते. माझी शाळा दाखवली, आणि जिच्यावरून पडून माझा दात तुटला ती शाळेची भिंत. शुक्रवारी तलावाची पायरी, जिथे बसून मी मैत्रिणीबरोबर परीक्षेचा अभ्यास केला होता. सीताबर्डीवर व्हरायटी चौकाजवळचं रसवंतीचं दुकान, जिथे लग्न ठरल्यावर हे आणि मी पहिल्यांदा बोललो.

"काय बोलला तो?" त्यांनी विचारलं.

"काहीच नाही. दोन ग्लास रस प्यायले आणि म्हणाले, चला, उशीर होते."

त्या रिक्षात पुढे वाकून हसल्या. "बापावर गेला."

रिक्षावाला म्हणाला, "अब किधर, बाई?" मी सांगायच्या आत सासूबाई म्हणाल्या, "आता मी दाखवतो." आणि त्यांनी त्याला संत्रा मार्केटचा रस्ता सांगितला. माझा जन्म नागपुरातला, पण मी त्या बाजारात कधी पाय ठेवला नव्हता. सगळीकडे गवताच्या थप्प्या आणि संत्र्यांचे डोंगर. एका लिंबाखाली त्यांनी बोट दाखवलं. "हिथं तुया सासरा गाडी सोडे. बैल त्या खांबाले बांधे." एक म्हातारा हमाल पाठीवरची पेटी खाली ठेवून आला. त्यानं त्यांना ओळखलं, सासऱ्यांचं नाव घेतलं, आणि दोघं तिथं उभ्यानं बराच वेळ बोलत होते.

तिथून रिक्षा मोठ्या सरकारी दवाखान्यात न्यायला लावली. मला वाटलं, कुणी ओळखीचं असेल. पण त्या आत गेल्याच नाहीत. मागच्या मैदानात गेल्या. तिथं पेशंटांबरोबर आलेले खेड्यापाड्यातले लोक झाडांखाली राहत होते. तीन दगडांच्या चुली, वाळत घातलेली लुगडी. एका झाडाच्या बुंध्याला हात लावून त्या म्हणाल्या, "हिथं मी बावीस दिवस होतो."

मग त्यांनी मला सांगितलं. एप्रिलचा महिना होता. सासरे आत, ह्या बाहेर. आमचे हे तेव्हा बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला, वसतिगृहात राहायचे. परीक्षा चालू होती. रोज संध्याकाळी यायचे आणि विचारायचे, बाबा कसे आहेत? ह्या म्हणायच्या, बरे होऊन राहिले, तू अभ्यास कर.

"शेवटचा पेपर दोन वाजताचा होता," त्या म्हणाल्या. "तुया सासरा दोनलेच गेला. मी नर्सबाईच्या पाया पडलो. म्हटलं, पोरगा पेपर सोडून इकडे पळत येईन, वर्ष जाईन त्याचं. साडेपाचपर्यंत राहू द्या. तिनं पडदा लावला. मोठा पोरगा कोपऱ्यात बसून होता. मी कोणाले रडू देल्लं नाई. मीबी नाई रडलो. हा आला, बापाचा हात धरला, तवा मी वरडलो. त्याले वाटलं, आताच जीव गेला."

रिक्षावाला दूर उभा राहून बिडी ओढत होता.

"त्याले सांगजो नको," त्या म्हणाल्या. "बाप मेला असताना आपण तिकडे लिहीत बसलो, असं त्याच्या मनात राहीन."

जवळच्या चुलीपाशी एक बाई तान्हं मूल घेऊन बसली होती, चूल पेटत नव्हती. सासूबाई तिच्याजवळ जाऊन बसल्या. कुठून आली, कोण आजारी, सगळं विचारलं. फुंकर घालून चूल पेटवून दिली. पिठात पाणी घातलं, मला म्हणाल्या, "ये वं, लेकराले घे." मी मूल घेतलं. आमचं नागपूर पाहणं तिथंच संपलं. घरी आलो तेव्हा दिवेलागण झाली होती.

त्यानंतर त्या नागपूरला आल्या की एक दिवस आम्ही दोघी भाकरी आणि झुणका करून त्या मैदानात जात असू. ह्यांना सांगायचो, बाजारात चाललो. मी त्यांना घाबरायचं सोडलं होतं. त्या मला कामावरून बोलत, मीही उलट बोले, आणि दोघी मिळून त्यांच्या मुलाला बोलत असू. अशी दहा-अकरा वर्षं गेली. शेवटी त्यांना त्याच दवाखान्यात आणलं होतं, पण त्या गावी जायचा हट्ट धरून बसल्या आणि तिथं घरीच वारल्या.

तेराव्यानंतर आम्ही नागपूरला परतलो. घर रिकामं वाटत होतं. मला वाटलं, आता त्यांचं ते गुपित एकटीनं ठेवता येणार नाही. मी ह्यांना सगळं सांगितलं: पेपर, पडदा, साडेपाच.

ते खुर्चीवर बसून चष्मा पुसत होते. पुसतच राहिले.

"मले माहीत होतं," ते म्हणाले. "एप्रिलचं ऊन होतं. बाबाचा हात पार थंड होता."

"मग तुम्ही आईंना कधी म्हणाला नाहीत?"

"काहून म्हणू? तिनं एवढं केलं होतं माझ्यासाठी."

त्यांनी चष्मा घातला आणि उठून अंगणातल्या झाडांना पाणी घालायला गेले. मी दारातून बघत होते. बादली भरून वाहायला लागली तरी त्यांनी नळ बंद केला नव्हता. मी जाऊन बंद केला.