शांताचं आधीचं नाव

पार्श्याची चढण अर्धी झाली तशा सरस्वतीबाई काजूच्या सावलीत टेकल्या. गुडघा बरा झाला तर मांद्र्याहून पार्श्याच्या देवीला पायी येईन, असं त्या बोलल्या होत्या. देवीनं आपलं काम केलं, आता त्यांची पाळी.

"काकी, पाणी घ्या. रिक्षा केली असती तर देवी काही रागावली नसती," गौरवी म्हणाली.

"ती नसती रागावली गो. मीच लाजले असते."

गौरवी डिचोलीची, चित्रकार. सरस्वतीबाईंची पर्यटकांसाठीची खोली तिनं तीन महिने भाड्यानं घेतली तेव्हा बाईंना वाटलं, आता ही समुद्र रंगवणार. हिनं तर ताट आणि तांदूळ मागितले! लग्नात नवरा ताटातल्या तांदळावर अंगठीनं बायकोचं नवं नाव लिहितो, आणि माहेरचं तिथंच मिटतं. गौरवी बायकांपुढे तसंच ताट ठेवायची, माहेरचं नाव बोटानं लिहायला सांगायची आणि वरून फोटो काढायची. अनोळखी पोरीला दार कोण उघडणार? म्हणून सरस्वतीबाई बरोबर जायच्या. एकोणीस घरं झाली. कुणी हसली, कुणी रडली, एकीचा चहा उतू गेला तरी तिनं ताट सोडलं नाही. नंतर तेच तांदूळ शिजायला पडायचे. अन्न टाकायचं नाही, ही बाईंची अट होती.

विसावं ताट गौरवीच्या आईचं, आणि ते कोरंच होतं. आई गेली तेव्हा गौरवी चार वर्षांची. आजोळी कुणी उरलं नव्हतं. वडील महादेव, जन्मभर खाणीवर ट्रक चालवलेले, ओशाळून म्हणाले होते, "मी लिहिलं ते शांता. आधीचं कोण लक्षात ठेवतं?" शांताला तिच्या पार्श्यातल्या मामानं वाढवलं, एवढंच त्यांना आठवत होतं. या फोटोंचं प्रदर्शन आठ दिवसांवर आलं होतं. त्या मामाच्या शेजारची गुणाबाय अजून आहे, हे सरस्वतीबाईंनी चार ठिकाणी विचारून काढलं होतं.

देवीची ओटी भरून दोघी गुणाबायकडे गेल्या. ती ओट्यावर अबोलीचा गजरा करत बसली होती.

"डिचोलीस दिलेल्या शांताची ही लेक," सरस्वतीबाईंनी सांगितलं.

"शांता कोण?"

गौरवीचा चेहरा उतरला. बाईंनी मात्र धीर सोडला नाही. "तुमच्या शेजारी मामाकडे वाढलेली. नवरा ट्रकवाला."

"अगो, ती आमची शेवंती मगे!" गुणाबायच्या हातातला दोरा खाली पडला. "काजूचे बोंडू खाऊन फ्रॉक डागाळायची ती, आणि मार खायचे मी! बस गो बाय, चहा टाकते."

ती आत गेली. सरस्वतीबाईंनी देवळाच्या दिशेनं हात जोडले. गौरवीच्या पिशवीत ताट होतं, तांदूळही होते, पण तिनं ते काढलेच नाहीत.

"काकी, लिहीन मी मागाहून," ती म्हणाली. "तुमच्यामुळं मिळालं हे नाव. पण आईला या नावानं हाक मारलेली मी कधीच ऐकली नाही. तुम्ही एकदा मारा ना, शेजारच्या मैत्रिणीला मारतात तशी. मोठ्यानं."