समोरचा पाट

विंझरच्या वन्सं गेल्याचा निरोप सर्व्हिस मोटारीच्या ड्रायव्हरनं आणला. मी अंगणात सांडगे घालत होते. त्यानं टोपी काढून हातात धरली आणि म्हणाला, "वैनी, इंजरच्या ताई गेल्या." डोळ्यांत पाणी आलं ते नंतर, आधी मनात आलं की आता प्रोफेसर भेटायला येणार. माणूस गेल्याचं कानावर पडताच सूड सुचावा हे काही बरं नव्हे, असं लोक म्हणतील. म्हणोत. महिना उलटून गेला तरी तो विचार जागचा हललेला नाही, म्हणून तर हे लिहायला बसले आहे.

वन्सं म्हणजे माझ्या यजमानांच्या थोरल्या बहीण, अनसूयाताई. त्यांचे यजमान विंझरला मास्तर होते, ते लवकर वारले. भोरला आमच्याकडे या म्हणून पुष्कळ विनवलं, पण भातखाचरं, गाय आणि शेतात राबणारी ठकू यांना सोडून त्या हलल्या नाहीत. लग्नानंतर पहिल्यांदा त्यांच्याकडे गेले तेव्हा मला त्यांची भीतीच वाटली. एकट्या जेवायला बसल्या तरी समोर दुसरा पाट मांडलेला! गेलेल्या नवऱ्यासाठी असेल म्हणून मी गप्प राहिले. शेवटी न राहवून विचारलं, तर हसून म्हणाल्या, "छे गं! तो बघणाऱ्याचा. बस त्यावर, आणि माझं जेवण झालं की 'पाहिलं' म्हण. नाहीतर मी आपली जेवतच राहीन."

अशी माझी निरावटाशी ओळख झाली. हा मनातला देश त्यांनी कधी रचायला घेतला ते त्यांनाही आठवत नव्हतं. तिथं दोन चंद्र, खारट पाऊस आणि दुजेकरी नावाचा एक पंथ. पंथाचं म्हणणं असं की काळ आपला आपण पुढं जात नाही. एकानं काही केलं आणि दुसऱ्यानं ते समोर बसून पाहिलं, तरच ती घटका संपते. कुणी पाहिलंच नाही, तर करणारा त्या घटकेत अडकून राहतो. एका ओसाड वाडीत एक बाई हंडा उतरवायला वाकली आहे, ती पिढ्यान्‌पिढ्या वाकलेलीच. भोवतीचं घर पडलं, मधून उंबर उगवला, तरी तिचा हंडा जमिनीला टेकलेला नाही. दुजेकरी अशा माणसांना शोधत रानोमाळ हिंडतात, समोर बसतात, 'पाहिलं' म्हणतात… आणि बाईची पाठ सरळ होते. वन्सं हे सारं भात पाखडता पाखडता सांगत, आणि ठकू सूप थांबवून ऐके. "आन् चोरी केली तर वो, ताई?" तिनं एकदा विचारलं. "तिथं तुरुंग नाही गं," वन्सं म्हणाल्या, "सगळा गाव त्याच्याकडे पाठ फिरवतो. ज्याचं वाईट झालं, तो उठून आपल्या वाटेनं जातो. ज्यानं केलं, तो तिथंच."

प्रोफेसर हे वन्संचे धाकटे मामेभाऊ. पुण्याच्या एका कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवत. त्यांचं नाव मी देत नाही, का ते पुढं सांगते. दर उन्हाळ्यात आंबे खायला विंझरला येत, समोरच्या पाटावर ऐसपैस मांडी घालत आणि निरावटाबद्दल खोदून खोदून विचारत. वन्संचा चेहरा खुलून जाई. शास्त्र शिकलेलं माणूस आपलं ऐकतंय, याचं त्यांना केवढं अप्रूप!

मग भोरला वाचनालयात प्रोफेसरांचं व्याख्यान ठरलं. आम्ही दोघी बायकांच्या बाजूला बसलो होतो. विषय होता सह्याद्रीतला एक लुप्त पंथ आणि त्याचा कालविचार. तो म्हणे त्यांना मरणाच्या दारातल्या एका गोसाव्यानं सांगितला. चंद्र त्यांनी एकच ठेवला होता, पाऊस गोडा केला होता. बाई मात्र होती तिथंच होती, हंड्यासकट. टाळ्यांचा कडकडाट झाला. मी उठले, तर वन्संनी माझा पदर घट्ट धरला.

व्याख्यानानंतर पाहुण्यांचं पान आमच्याकडेच. वन्सं वाढत होत्या, मी दाराशी उभी. आमटीचा भुरका मारून प्रोफेसर म्हणाले, "ताई, तू आली होतीस ना? विषय जरा जडच होता. तुला काही कळलं का?"

"भात वाढू का?" वन्संनी विचारलं. बस्स, एवढंच.

त्यानंतर निरावटाचं एक अक्षर त्यांच्या तोंडून निघालं नाही. मी कितीदा टोकलं… "ते आता त्याचं झालं गं," म्हणत. कुणाची भांडी चोरीला जातात, कुणाची गाय. इथं अख्खा देश चोरीला गेला, आणि चोराच्या अंगावर शाली पडत राहिल्या. मला संताप आला होता, आजही आहे, आणि तो मी जपून ठेवला आहे.

शेवटची भेट झाली ती एका दुपारी, त्या अंथरुणाला खिळल्या होत्या तेव्हा. माझा हात धरून म्हणाल्या, "मी गेल्यावर तो येईल. त्याला एकदा 'पाहिलं' म्हणून टाक गं. किती वर्षं अडकलाय, बिचारा!" बिचारा! मी मान हलवली. होकाराची की नकाराची, ते त्यांना दिसलं नाही. डोळे मिटले होते. त्या गेल्या तेव्हा समोरच्या पाटावर ठकू होती. तिनं मला नंतर सांगितलं, "म्या म्हनलं, बगितलं ताई, समदं बगितलं. आता जावा तुमी."

मी विंझरलाच होते, तिथं प्रोफेसर आले. केस पांढरे झालेले, हातात काठी. स्वयंपाकघराच्या दाराशी घुटमळत म्हणाले, "वहिनी, ताई माझ्याबद्दल काही बोलली का?… त्या दिवशी जेवताना मी ते विचारलं, तेव्हा तुम्ही दाराशी होतात. तुम्ही पाहिलंत. एकदा तसं म्हणा ना." मी त्यांच्याकडे पाठ केली आणि चुलीतलं लाकूड सारू लागले. "काय म्हनत्यात वो वैनी?" ठकूनं विचारलं. "मला काही दिसत नाही," मी म्हटलं. "मंग म्या बी न्हाई बघत," म्हणून तीही माझ्याशेजारी चुलीकडे तोंड करून बसली. पाठीमागं काठी बराच वेळ इकडून तिकडं टेकत होती. मग जोड्यांचा आवाज आला.

नाव छापलं असतं, तर तुम्ही सगळ्या वाचकांनी त्यांना पाहिलं असतं आणि ते सुटले असते. म्हणून दिलं नाही. कुणी अदमासानं घेतलंच, तर मी कानांवर हात ठेवीन. वन्सं, तुमचा शब्द मी मोडला, आणि पुन्हा वेळ आली तर पुन्हा मोडीन.

तो पाट मी भोरला आणला आहे. रोज जेवताना समोर मांडते. दाराशी उभी राहून जे पाहिलं ते त्या पाटाला सांगते, की निरावट तुमचा, दोन्ही चंद्र तुमचे, पाहिलं. मग हात धुऊन पाट भिंतीला टेकवते, उलटा, दुसऱ्या कुणाला बसता येऊ नये म्हणून. प्रोफेसर अजून आमच्याच पानावर आहेत. भुरका मारून विचारताहेत, कळलं का… विचारू देत.