तोंडाकडची चतुराबाई

चतुराबाईचा जन्म पोलीस अॅक्शनच्या, म्हणजे अठ्ठेचाळीसच्या सालचा, त्यामुळे तिचे वय काढायला कुणाला बोटे मोजावी लागत नसत. कागदावर ती छत्तीस वर्षांची होती तेव्हा तिच्या डोक्यावर एकही काळा केस उरला नव्हता. तिचा नवरा पुंजाराम कागदावर चाळीसचा, आणि दिसायला जेमतेम अठ्ठावीसचा.

चितेगावच्या शिवारात तेव्हा घटक्या होता. सापातली सगळ्यात थोराड जात ती. गावात कुणी त्याचे नाव घेत नसे, नुसते ‘लांबडं’ म्हणत. एका टेकाडाला वेढा घालून तो पडलेला असे, आणि त्याच्या अंगाजवळ वेळ सारखी चालत नसे. शेपटीकडे ती रेंगाळे. गयास दूधवाला पहाटेच्या चरव्या तिथे ठेवी, आणि संध्याकाळी उचलताना दूध कोमटच असे. तोंडाकडे मात्र वेळ उधळलेली. बाहेर एक तास गेला की तिथे अख्खा दिवस सरे. सकाळी ठेवलेल्या कैऱ्या दिवेलागणीला पिकून निघत.

पुंजारामचे घराणे राखणदाराचे. पुरुषाने शेपटीकडे बसून लोकांच्या चरव्या सांभाळायच्या आणि सुनेने तोंडाकडे जाऊन जनावराला पाटीभर अंडी भरवायची, असा रिवाज होता. लांबडं सुनेच्याच हातचं खातं, असे सासरा सांगे. हे त्याला कोणत्या लांबड्याने सांगितले होते, ते कुणी विचारले नाही. चतुराबाईची सासू कागदावरच्या पंचेचाळिसाव्या वर्षी म्हातारपणाने गेली, तेव्हाही नाही.

पंधराव्या वर्षी लग्न होऊन आलेली चतुराबाई रोज तासभर तोंडाकडे जाऊ लागली. जाताना तीन भाकरी बांधून नेई, कारण त्या तासात तिला दिवसभराची भूक लागे आणि मध्ये एक झोपही काढावी लागे. ‘पुंजारामच्या बायकोला खायला लई लागतं’ असे बाया बोलत. एकवीस वर्षे तिने हे केले. तक्रार केली नाही, म्हणून ती नव्हती असे सगळे धरून चालले.

एकदा दोघे औरंगाबादला निघाले असताना एस.टी.चा कंडक्टर तिला म्हणाला, “आजी, तुमचं तिकीट लेकाकडं दिलंय.” पुंजारामने तिकीट खिशात घातले आणि तो खिडकीबाहेर बघत बसला. चतुराबाईला ते फार लागले. आजी म्हटल्याचे नव्हे, तो गप्प बसल्याचे.

मग चौऱ्यांशी साली कंपनीसाठी जमिनी गेल्या. घटक्याला दूरच्या सरकारी रानात हलवायचे ठरले, मुदत सव्वा वर्षाची मिळाली. तो एकदा गेला की नवरा-बायकोत पडलेले तीस वर्षांचे अंतर कायमचेच. चतुराबाईला हे कुणी समजावून सांगायची गरज नव्हती, तरी नणंद सरूबाई लगोलग सांगायला आलीच.

“दादा, तू अजून तरणा हायस. वैनीचं काय, आज हाय, उद्या नाय. पोटी लेकरूबी नाय. शेंद्र्याला एक पोरगी हाय, बघू का?”

चतुराबाई चुलीपाशीच होती. सरूबाईने आवाज खाली करायचीही तसदी घेतली नाही.

पुंजाराम ‘नाय’ म्हणाला नाही. चार दिवस तो रोजच्यासारखा शेपटीकडे जाऊन बसला. त्याला आपले तरणेपण आवडत होते, ते उगाच कशाला झाका! पाचव्या दिवशी त्याने अंड्यांची पाटी तिच्या हातातून काढून घेतली.

“आवं, सुनेच्याच हातचं खातं ते.”

“बघू तर.”

लांबड्याने पहिले अंडे मुकाट गिळले, दुसरेही गिळले. पुंजाराम परत आला तेव्हा त्याची मान वर होत नव्हती.

“उद्यापासून म्या तोंडाकडंच बसणार,” तो म्हणाला. “तुह्याएवढा होस्तोवर. घरी आलो तर परत जायाची छाती व्हायची नाय, म्हून येणार नाय. आन् तू जवळ यायचं नाय.”

तेव्हापासून चतुराबाईचा तवा चुलीवरून उतरला नाही. इकडचा तास म्हणजे तिकडचा दिवस, तासाला तीन भाकरी. रात्रीच्या भाकरी ती दिवेलागणीलाच पाठवून देई. लांब वेळूच्या टोकाला टोपली बांधून ती अलीकडूनच सरकवी, आणि तव्यावरची भाकरी त्याच्या हाती पडेपर्यंत पार निवून जाई. लांबून तो तिला मुंगीसारखा भिरभिरताना दिसे. एक गोष्ट धड बोलता येत नसे. पाचव्या महिन्यात त्याचे कल्ले पांढरे झाले, दहाव्यात पाठ वाकली. तिला वाईट वाटले आणि बरेही वाटले. बरे जास्त वाटले, हे मात्र तिने कुणाला सांगितले नाही.

मुदत संपली त्या सकाळी दोन मोठे ट्रक आले. घटक्याला दोरखंडांनी चढवताना एक ड्रायव्हर खेकसला, “ओ आजी, आजोबांना बाजूला घ्या की!”

चतुराबाईने हात धरून त्याला अंगणात आणले. ट्रक पैठणच्या रस्त्याला लागेपर्यंत दोघे बघत राहिले. मग तिने चूल फुंकली, भाकरी टाकली आणि तव्यावरून काढून थेट त्याच्या हातावर ठेवली.

“भाजली की गं!” पुंजाराम ओरडला, पण त्याने ती खाली ठेवली नाही. त्याचे डोळे भरून आले होते. “तू टोपली सरकवायचीस ना, तुह्या हाताला लई येळ लागायचा. म्या आपला बसल्या जागी तुहा हातच बघत राह्याचो. तीस वरसं तेवढंच बघितलं.”

“लई बघितलं,” चतुराबाई म्हणाली. “गरम हाय तवर खावा आता.”